काय आले यापेक्षा काय जाणार, ते आधी छापा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

दर महिन्याच्या सुरुवातीला तंत्रज्ञानाच्या पानावर कन्सोलच्या (टीव्हीला जोडून गेम खेळायच्या प्लेस्टेशन, एक्सबॉक्स अशा यंत्रांच्या) मासिक वर्गणीत 'या महिन्यात काय नवे' अशी यादी येते. यादी अचूक असते, पण वर्गणीदाराची खरी अडचण ती वाचून झाल्यावर सुरू होते. समोर शेकडो गेम, हातात आठवड्याचे पाच-सहा तास, आणि कुठला गेम किती दिवस राहणार याचा पत्ता नाही. मग संध्याकाळ चाळण्यात जाते, चार गेमची पहिली वीस-वीस मिनिटे खेळून होतात आणि महिना उलटतो. गेम निवडताना सगळ्यात आधी त्याची जाण्याची तारीख पाहावी, मग त्याची लांबी. ट्रेलर, चित्रे आणि समीक्षकांचे गुण त्यानंतर. हा क्रम का, ते सविस्तर सांगण्यासाठी हे पत्र.

आधी एक गोंधळ दूर करायला हवा. वर्गणीतले गेम दोन जातींचे असतात आणि दोन्हींचे नियम वेगळे आहेत. प्लेस्टेशनची 'प्लेस्टेशन प्लस' ही वर्गणी २०१० मध्ये सुरू झाली आणि जून २०२२ मध्ये तिचे इसेन्शियल, एक्स्ट्रा आणि प्रीमियम (काही देशांत डिलक्स) असे स्तर झाले. दर महिन्याचे ठरावीक मोजके गेम सगळ्या स्तरांना मिळतात. ते साधारणपणे महिन्याच्या पहिल्या मंगळवारी येतात आणि पुढच्या महिन्याचे गेम येईपर्यंत 'लायब्ररीत जोडा' हे बटण दाबायची मुदत असते. एकदा जोडला की वर्गणी चालू असेपर्यंत गेम तुमचा. वर्गणी थांबली की त्याला कुलूप लागते, पुन्हा भरली की उघडते. एक्स्ट्रा आणि वरच्या स्तरांचा मोठा कॅटलॉग मात्र वाचनालयासारखा आहे. तिथले पुस्तक कपाटात आहे तोवर तुमचे. त्यात नवे गेम साधारणपणे तिसऱ्या मंगळवारी येतात आणि काही जुने त्याच सुमारास जातात. गेम गेला की डाउनलोड करून ठेवलेलाही उघडत नाही. एक्सबॉक्सचा गेम पास, जो १ जून २०१७ ला सुरू झाला, तो सगळाच या दुसऱ्या जातीचा. तिथे बहुतेक गेम महिन्याच्या मध्याला किंवा अखेरीला बाहेर पडतात.

यावरून पहिले काम ठरते आणि त्याला पाच मिनिटे लागतात. महिन्याचे गेम आवडोत न आवडोत, सगळे लायब्ररीत जोडून टाकावेत. जोडणे म्हणजे डाउनलोड करणे नव्हे, कन्सोलवर एक मेगाबाइटही खर्च होत नाही. फोनवरच्या अॅपमधूनही हे होते, आणि प्लेस्टेशन ५ घरात नसला तरी त्याचे गेम आजच जोडून ठेवता येतात. 'प्लेस्टेशन प्लस कलेक्शन' नावाचा निवडक गेमचा संच प्लेस्टेशन ५ सोबत आला होता. तो कायम राहील असे धरून चालणाऱ्यांना ९ मे २०२३ ला तो बंद झालेला दिसला. ज्यांनी त्याआधी जोडून घेतले होते, त्यांचे गेम वर्गणीबरोबर चालू राहिले. न जोडलेल्यांची ती संधी गेली. एक्सबॉक्सवर अशी मासिक भेट 'गेम्स विथ गोल्ड' या नावाने २०१३ पासून होती आणि सप्टेंबर २०२३ मध्ये ती थांबली. त्यातले एक्सबॉक्स ३६० चे जोडून ठेवलेले गेम आजही वर्गणीशिवाय चालतात, एक्सबॉक्स वनच्या गेमना मात्र वर्गणी लागते. एकाच योजनेत दोन नियम होते, आणि बहुतेकांना ते कुलूप दिसल्यावरच कळले.

आता जाण्याची तारीख. गेम पासमध्ये 'लवकरच जाणारे' असा स्वतंत्र विभाग आहे आणि प्लेस्टेशनवर 'खेळण्याची शेवटची संधी' असा. दोन्ही विभाग कन्सोलच्या सुरुवातीच्या पडद्यावर ठळक दिसत नाहीत, कॅटलॉगमध्ये शिरून खाली जावे लागते. एक्सबॉक्सवर सूचना साधारण दोन आठवडे आधी मिळते. या दोन आठवड्यांचा हिशेब मांडला पाहिजे. आठवड्यातून चार संध्याकाळी दीड-दीड तास मिळत असेल तर आठवड्याचे सहा तास, म्हणजे सूचनेपासून शेवटच्या दिवसापर्यंत फार तर बारा. त्यातला एखादा दिवस बुडतोच, म्हणून दहाच धरावेत. या दहा तासांत 'स्ट्रे' बसतो, कारण तो सुमारे पाच तासांचा आहे. 'इनसाइड' तीन-चार तासांत संपतो. 'द विचर ३' ची नुसती मुख्य कथाच पन्नासेक तासांची, आणि 'पर्सोना ५ रॉयल' शंभरच्या वर जातो. तो जाणाऱ्यांच्या यादीत दिसला म्हणून घाईने सुरू करणे म्हणजे दहा तास खेळून नव्वद तासांची हुरहुर मागे ठेवणे.

लांबीचे आकडे कुठून घ्यायचे? खेळणाऱ्यांनी नोंदवलेल्या वेळांवरून सरासरी काढणारी 'हाऊ लाँग टू बीट' ही साइट बरीच भरवशाची आहे. तिथे मुख्य कथा, कथा आणि जोडकामे, आणि सगळे शंभर टक्के असे तीन आकडे असतात. निवडीसाठी मधला आकडा धरावा, कारण जोडकामांना अजिबात हात न लावता सरळ कथेतून जाणारे थोडेच असतात. कंट्रोलर हातात नवीन असेल, किंवा बरेच वाचत वाचत जायची सवय असेल, तर त्यावर आणखी पाव भाग चढवावा.

लांब गेम खेळूच नयेत असे नाही. पण एका वेळी एकच लांब गेम हातात असावा, आणि तो कॅटलॉगमध्ये नुकताच आलेला असावा. नुकताच आलेला गेम लगेच जाण्याची शक्यता कमी असते. एक्सबॉक्सच्या स्वतःच्या स्टुडिओंचे गेम तर सहसा तिथेच राहतात, ते सावकाश घेतले तरी चालतात. बाहेरच्या प्रकाशकांचे गेम मुदतीच्या करारावर येतात. 'जीटीए ५' गेम पासमध्ये आला, गेला, पुन्हा आला, असे एकाहून जास्त वेळा झाले आहे. म्हणून दोन गेममध्ये अडकला असाल तर बाहेरच्या प्रकाशकाचा आधी घ्यावा.

दोन लांब गेम एकदम का नकोत, याचे कारण बोटांत आहे. एका गेममध्ये वार चुकवण्याचे बटण गोल असते, दुसऱ्यात तेच हल्ल्याचे. दहा दिवसांच्या खंडानंतर परत आलो की कथा आठवते, पण हात चुकतात, तीन वेळा मरतो आणि गेम कंटाळवाणा वाटू लागतो. यावर साधा उपाय म्हणजे बंद करताना फोनवर दोन ओळी लिहून ठेवणे: कुठे उभे आहोत, पुढे कोणाकडे जायचे, आणि नेहमी लागणारी तीन बटणे. परत आल्यावर मुख्य कामाऐवजी आधी एखादी किरकोळ लढाई करावी. दहा-पंधरा मिनिटांत हात बसतो.

ज्यांचा वेळच अनियमित आहे, त्यांनी फेऱ्यांचे गेम घ्यावेत. 'व्हॅम्पायर सर्व्हायव्हर्स' ची एक फेरी तीस मिनिटांची असते, 'हेडीस' ची जवळपास तेवढीच. फेरी संपली की उठता येते, आणि महिनाभराने बसलो तरी मागचे काही आठवावे लागत नाही. वर्गणीसाठी हा प्रकार सगळ्यात चपखल आहे असे माझे स्पष्ट मत आहे, आणि तरीही याद्यांमध्ये तो तळाशी असतो, कारण त्याची चित्रे भव्य दिसत नाहीत.

डाउनलोड करण्याआधी जागा आणि वेळ दोन्ही मोजावेत. प्लेस्टेशन ५ च्या मूळ ८२५ जीबीपैकी वापरायला साधारण ६६७ मिळतात, एक्सबॉक्स सिरीज एसच्या ५१२ पैकी ३६४. शंभर जीबीचे तीन गेम ठेवले की सिरीज एस भरलाच म्हणायचा. शंभर जीबी उतरायला ५० एमबीपीएसच्या जोडणीवर, वेग पूर्ण मिळाला तर, साडेचार तास लागतात. मोठा गेम रात्री रेस्ट मोडमध्ये (कन्सोल निजलेला असतानाही डाउनलोड चालू ठेवणाऱ्या सोयीत) लावावा आणि त्या संध्याकाळी छोटा खेळावा. प्लेस्टेशन ४ वर आणखी एक अडचण येते. अपडेट बसवताना तो गेमची प्रत तयार करतो, त्यामुळे ४० जीबीच्या गेमला तेवढीच रिकामी जागा तात्पुरती लागू शकते. 'जागा अपुरी' असा संदेश येतो आणि लोक विनाकारण दुसरे गेम पुसतात, तेही बऱ्याचदा अर्धवट खेळलेले. बाहेरची यूएसबी हार्ड डिस्क लावली तर प्लेस्टेशन ५ चे आणि सिरीज एक्स-एसचे नवे गेम तिच्यावर साठवता येतात, पण तिथून चालत नाहीत. खेळायच्या वेळी आत हलवावे लागतात. जुन्या पिढीचे गेम मात्र थेट तिथूनच चालतात, म्हणून ते आधी बाहेर काढावेत.

इथेच एक महागात पडणारी चूक होते. प्लेस्टेशन ५ वर काही गेमच्या दोन आवृत्त्या असतात, एक प्लेस्टेशन ४ ची आणि एक ५ ची. डाउनलोडच्या बटणाशेजारी तीन टिंबे असतात, ती दाबून कुठली आवृत्ती उतरते आहे ते बघावे. न पाहता प्लेस्टेशन ४ ची आवृत्ती उतरवली आणि दहा तास खेळलो, तर ते सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला याची नोंद, प्लेस्टेशन ५ च्या आवृत्तीत आपोआप येतेच असे नाही. काही गेममध्ये जुन्या आवृत्तीच्या मेनूतून ते मुद्दाम पाठवावे लागते, काहींत सोयच नसते. शिवाय एक आवृत्ती मिळाली म्हणजे दुसरीचा हक्क मिळतो असेही नाही. मार्च २०२१ मध्ये 'फायनल फँटसी ७ रीमेक' ची प्लेस्टेशन ४ ची आवृत्ती वर्गणीतून मिळाली, पण विकत घेणाऱ्यांना असलेले प्लेस्टेशन ५ चे मोफत अपग्रेड वर्गणीदारांना लागू नव्हते. ते डिसेंबरमध्ये मिळाले. 'पर्सोना ५' आणि 'पर्सोना ५ रॉयल' ही तर नावे सारखी असलेली दोन स्वतंत्र उत्पादने. पहिल्याचे सेव्ह दुसऱ्यात पुढे चालत नाही.

गेम उतरला, आता तो ठेवायचा की सोडायचा हे पहिल्या दीड तासात ठरवता येते. मात्र तो दीड तास नीट वापरला पाहिजे. अपडेट पूर्ण उतरू द्यावा. अर्धवट उतरलेल्या गेममध्ये काही वेळा फक्त सुरुवातीचा तुकडाच चालतो, आणि 'गेम अडकला' असा ग्रह होतो. मग सेटिंगमध्ये जाऊन सबटायटल चालू करावीत, अक्षरे मोठी करावीत, आणि परफॉर्मन्स व क्वालिटी असा पर्याय असेल तर परफॉर्मन्स निवडावा. क्वालिटीत चित्र अधिक रेखीव दिसते, पण बहुधा सेकंदाला ६० ऐवजी ३० फ्रेम (चित्रे) मिळतात आणि कॅमेरा फिरवताना जडपणा जाणवतो. टीव्हीचा गेम मोड बंद असेल तर बटण दाबणे आणि पडद्यावर हालचाल होणे यांत क्षणभराचे अंतर पडते. 'कंट्रोल वाईट आहेत' या तक्रारीमागे पुष्कळदा टीव्हीच असतो. प्लेस्टेशन ५ वर 'गेम प्रीसेट' मध्ये काठिण्य, सबटायटल, कॅमेऱ्याची दिशा आणि परफॉर्मन्स हे एकदा नोंदवले की ती सोय असलेले नवे गेम तीच निवड घेऊन सुरू होतात. दर आठवड्याला नवा गेम चाखणाऱ्यासाठी ही बरीच मोठी सोय आहे.

पहिला अर्धा-पाऊण तास बहुतेक गेम हात धरून चालवतात. तेवढ्यावर मत बनवू नये. खरा गेम तो हात सुटल्यावर दिसतो, म्हणून तिथून पुढे अर्धा तास खेळावे. मग मेनूतून बाहेर पडून पुन्हा आत यावे आणि आपण किती मागे गेलो ते मोजावे. दोन-तीन मिनिटे मागे गेलो तर छान. वीस मिनिटे मागे गेलो, तर ज्याला एका बैठकीत तासच मिळतो त्याला हा गेम छळणार. ही चाचणी कुठल्याच समीक्षेत नसते, आणि गेम अर्धवट सुटण्याचे हे मोठे कारण आहे. एक्सबॉक्सचा क्विक रिझ्यूम गेमला जिथल्या तिथे गोठवतो खरा, पण ते सेव्ह नव्हे. गेमचा अपडेट आला की ती स्थिती पुसली जाते. प्लेस्टेशन ५ वर एक गेम थांबवून दुसरा उघडला की पहिला बंद होतो आणि न नोंदलेला भाग जातो.

गेम पुढे कसा आहे याचा अंदाज ट्रॉफींच्या, म्हणजे ठरावीक टप्पा गाठल्यावर मिळणाऱ्या डिजिटल बक्षिसांच्या, यादीतून येतो. गेम एकदा सुरू केल्यावर प्रत्येक ट्रॉफी किती टक्के खेळाडूंना मिळाली ते दिसते. एक्सबॉक्सवर या बक्षिसांना अचिव्हमेंट म्हणतात, तिथेही तसेच. आकडा एकटा वाचू नये, दोन आकड्यांमधली उतरण वाचावी. समजा पहिल्या प्रकरणाची ट्रॉफी ६० टक्क्यांना, दुसऱ्याची ५२, तिसऱ्याची ४७ आणि चौथ्याची एकदम २० टक्क्यांना मिळालेली आहे. म्हणजे तिसऱ्या आणि चौथ्या प्रकरणाच्या मध्ये काहीतरी आहे. एखादा अवघड बॉस, म्हणजे मोठा शत्रू, असेल, नाहीतर कथा रेंगाळत असेल. तिथे पोचण्याआधी काठिण्य एक पायरी उतरवावे, किंवा पात्राची ताकद वाढवून घ्यावी. वर्गणीतल्या गेमना नुसते उघडून सोडणारे फार असतात, त्यामुळे अगदी पहिली ट्रॉफीच कमी टक्क्यांना असली तरी घाबरायचे कारण नाही. शेवटच्या ट्रॉफीचे नाव आणि वर्णन मात्र उघडू नये. कथेचा शेवट पुष्कळदा तिथेच लिहिलेला असतो.

ऑनलाइन गेमचा हिशेब उलटा आहे. ते आले त्याच आठवड्यात खेळावेत. 'रॉकेट लीग' जुलै २०१५ मध्ये आणि 'फॉल गाइज' ऑगस्ट २०२० मध्ये प्लेस्टेशन प्लसवर पहिल्याच दिवशी आले, तेव्हा सगळेच नवशिके होते आणि सामना लगेच जुळत होता. सहा महिन्यांनी जाल तर मुरलेले खेळाडूच उरतात, आणि गर्दी कमी असेल तर सामना जुळायलाच वेळ लागतो. 'नॉकआउट सिटी' नोव्हेंबर २०२१ मध्ये वर्गणीतून मिळाला होता, जून २०२३ मध्ये त्याचे सर्व्हर बंद झाले. लायब्ररीत जोडून ठेवण्याचा नियम इथे उपयोगी पडत नाही.

गेम अर्धा झाला आणि तो जाणार असे कळले तर? आधी सेव्ह सुरक्षित करावे. गेम पुसला तरी सेव्ह कन्सोलवर राहते. एक्सबॉक्सवर ते क्लाउडवर विनावर्गणी जाते. प्लेस्टेशन ५ वर क्लाउडसाठी वर्गणी चालू असावी लागते आणि प्लेस्टेशन ५ च्या गेमचे सेव्ह यूएसबीवर उतरवता येत नाही, म्हणून वर्गणी संपण्याआधी क्लाउडवर चढले की नाही ते तपासावे. त्यानंतर तोच गेम, त्याच आवृत्तीत विकत घेतला तर खेळ जिथे थांबला तिथून पुढे चालतो. गेम पासमधल्या गेमवर वर्गणीदारांना अनेकदा सवलत असते, पण गेम कॅटलॉगमध्ये आहे तोवरच. जाण्याच्या आदल्या दिवसापर्यंत निर्णय घ्यावा. अतिरिक्त भाग, म्हणजे डीएलसी, मात्र कॅटलॉगमधल्या गेमसाठी घाईने विकत घेऊ नयेत. मूळ गेम गेला की ते विकत घेतलेले भागही उघडत नाहीत.

निन्टेंडोच्या स्विच कन्सोलच्या वर्गणीत, निन्टेंडो स्विच ऑनलाइनमध्ये, ही धावपळ फारशी नाही. तिथले जुने गेम सहसा काढले जात नाहीत, आणि एनईएस व एसएनईएस या निन्टेंडोच्या जुन्या कन्सोलच्या गेममध्ये कंट्रोलरची झेडएल आणि झेडआर ही बटणे एकत्र दाबून ठेवली की खेळ मागे नेता येतो. जुन्या गेमच्या क्रूर अवघडपणाला बिचकणाऱ्यांनी ही सोय जरूर वापरावी. फक्त प्रवासाला निघण्याआधी कन्सोल एकदा इंटरनेटला जोडून घ्यावा, कारण सात दिवसांतून एकदा तशी तपासणी झाली नाही तर हे गेम उघडत नाहीत.

घरात मुले असतील तर वयाची मर्यादा त्यांच्या अकाउंटवर आधी लावावी, मग कॅटलॉग दाखवावा. वयाच्या खुणेशेजारी 'गेममध्ये खरेदी' असे लिहिले आहे का तेही बघावे. गेम वर्गणीत आला तरी त्यातली नाणी आणि पोशाख वर्गणीत येत नाहीत.

शेवटी विनंती. आपल्या यादीत प्रत्येक गेमपुढे चार गोष्टी जोडाव्यात: मुख्य कथेचे आणि जोडकामांसह लागणारे तास, डाउनलोडचा आकार, कुठल्या कन्सोलची आवृत्ती, आणि ऑनलाइन की एकट्याने खेळायचा. जाणाऱ्या गेमचा रकाना नव्या गेमच्या वर द्यावा. आणि ही यादी महिन्यातून एकदा न देता दोनदा द्यावी, एक पहिल्या मंगळवारनंतर आणि दुसरी तिसऱ्या मंगळवारच्या आठवडाभर आधी, म्हणजे एखादा पाच तासांचा गेम जाण्यापूर्वी वाचकाला निदान एक मोकळा शनिवार-रविवार मिळेल.

आपला,
एक वर्गणीदार वाचक